सही झाली, म्हणजे करार लागू झाला का?

पीएच.डी.च्या दुसऱ्या वर्षी मी पहिल्या प्रकरणाचा कच्चा मसुदा मार्गदर्शक मॅडमकडे दिला. त्यात एक साधंसं वाक्य होतं : "१९७४ मध्ये भारत आणि बांगलादेश यांच्यातील भू-सीमा करार लागू झाला." आठवड्याभराने मसुदा परत आला. 'लागू झाला' या दोन शब्दांभोवती लाल गोल होता आणि समासात एकच प्रश्न लिहिलेला होता : "मग ४१ वर्षं लोक कशाची वाट बघत होते?"

चूक लहान वाटते, पण तिच्यावर माझ्या प्रकरणाचा अर्धा युक्तिवाद उभा होता. मी 'सही झाली' आणि 'करार लागू झाला' या दोन गोष्टी एकच धरल्या होत्या. बातम्यांमध्ये आपण हेच बघतो ना! दोन नेते टेबलाशी बसतात, सह्या करतात, फोल्डर बदलतात, हात मिळवतात, फोटो निघतो. आपल्याला वाटतं, झालं काम. प्रत्यक्षात त्या फोटोच्या आधीही बरंच काही झालेलं असतं आणि नंतरही बरंच काही व्हायचं असतं.

आंतरराष्ट्रीय संबंध, राज्यशास्त्र, कायदा किंवा आधुनिक इतिहास यांपैकी कशातही संशोधन करणार असाल तर ही गोष्ट सुरुवातीलाच पक्की करून घ्या. करारावरच्या सहीला किती वजन आहे हे तीन प्रश्नांवर ठरतं. सही कोणी केली? कोणत्या अधिकाराने केली? आणि कराराच्या शेवटच्या कलमात काय लिहिलंय? या लेखात हे तीन प्रश्न खऱ्या उदाहरणांवर लावून बघू.

आधी घरातलं उदाहरण

जमीन किंवा फ्लॅट घेताना आपल्याकडे आधी साठेखत होतं आणि नंतर खरेदीखत. साठेखतावर दोघांच्या सह्या असतात, बंधनंही येतात, पण मालकी बदलत नाही. ती खरेदीखताने बदलते. शिवाय मालक स्वतः येऊ शकत नसेल तर तो कोणाला तरी कुलमुखत्यारपत्र देतो. समोरचा माणूस ते पत्र बघितल्याशिवाय व्यवहार करत नाही.

आंतरराष्ट्रीय करारातही ढोबळमानाने हेच आहे. सही हे बऱ्याचदा साठेखत असतं. त्यानंतर राज्य आपल्या पद्धतीने विचार करून "होय, आम्ही बांधील आहोत" असं औपचारिकपणे कळवतं, त्याला अनुसमर्थन म्हणतात. इंग्रजीतला 'रॅटिफिकेशन' हा शब्द तुम्ही ऐकला असेल, तोच. आणि सही करणाऱ्याजवळच्या कुलमुखत्यारपत्राला 'फुल पॉवर्स' म्हणतात. मराठीत आपण पूर्णाधिकारपत्र म्हणू.

उपमा एका ठिकाणी मोडते, तेही सांगून ठेवतो. काही करारांत सही हेच खरेदीखत असतं. कधी, ते पुढे येईलच.

कोण सही करू शकतं?

याचे नियम १९६९ च्या 'करारांच्या कायद्याविषयीच्या व्हिएन्ना अधिसंधी'त आहेत. ती २३ मे १९६९ रोजी सह्यांसाठी खुली झाली आणि २७ जानेवारी १९८० रोजी अंमलात आली. (इथेच बघा, करारांविषयीचा करारसुद्धा सही झाल्याबरोबर लागू झाला नाही!) भारत या अधिसंधीचा सदस्य नाही. तरीही तिच्यातले बरेचसे नियम रूढीने सर्वच देशांना लागू मानले जातात, म्हणून अभ्यास तिथूनच सुरू होतो.

कलम ७ नुसार तीन जणांना सही करताना कुठलंही पत्र दाखवावं लागत नाही : राष्ट्रप्रमुख, सरकारचा प्रमुख आणि परराष्ट्रमंत्री. त्यांच्या पदातच राज्याच्या वतीने बोलण्याचा अधिकार धरलेला असतो. बाकी सगळ्यांना, मग ते संरक्षणमंत्री असोत, पर्यावरणमंत्री असोत की सचिव, पूर्णाधिकारपत्र लागतं. आणि हे पत्र या तिघांपैकीच कोणीतरी सही केलेलं असावं लागतं.

राजदूतांबद्दल विद्यार्थी हमखास चुकतात. राजदूत आपल्या देशाच्या वतीने, ज्या देशात नेमणूक आहे त्या देशाशी होणाऱ्या कराराचा मजकूर पत्राशिवाय स्वीकारू शकतो. पण मजकूर स्वीकारणं म्हणजे "शब्द हेच राहतील" एवढंच. सही करून देशाला बांधायचं असेल तर राजदूतालाही पूर्णाधिकारपत्र लागतं.

आणखी एक गल्लत. मोठ्या परिषदेला जाणारं शिष्टमंडळ सोबत ओळखीचं अधिकारपत्र नेतं. त्याने चर्चेत बसता येतं, मत देता येतं. सही करण्याचा अधिकार त्यातून आपोआप येत नाही. हे दोन वेगळे कागद आहेत.

पॅरिस हवामान करार घ्या. २२ एप्रिल २०१६ रोजी न्यूयॉर्कला संयुक्त राष्ट्रांच्या मुख्यालयात एकाच दिवशी १७५ पक्षांनी सह्या केल्या : १७४ देश आणि युरोपीय संघ. फ्रान्सतर्फे राष्ट्राध्यक्ष ओलाँद होते. अमेरिकेतर्फे परराष्ट्रमंत्री जॉन केरी नातीला मांडीवर घेऊन सहीला बसले होते. या दोघांनाही नियमाने पत्राची गरज नाही. भारतातर्फे सही केली आपल्या पुण्याच्या प्रकाश जावडेकरांनी, ते तेव्हा पर्यावरण खात्याचे मंत्री होते. म्हणजे 'त्या तिघांत' न बसणारे. अशा मंत्र्याच्या सहीमागे पूर्णाधिकारपत्र लागतंच. टीव्हीवर तिघंही सारखीच सही करताना दिसतात, कायद्याच्या दृष्टीने मात्र त्यांचे अधिकार वेगवेगळ्या झऱ्यांतून आलेले असतात.

पंतप्रधानांनीही पत्र दाखवलं होतं

हा नियम '६९ चा. त्याआधी काय होतं? सिंधू जलवाटप कराराची प्रस्तावना वाचा. १९ सप्टेंबर १९६० रोजी कराचीत भारतातर्फे पंतप्रधान जवाहरलाल नेहरू आणि पाकिस्तानतर्फे राष्ट्राध्यक्ष अयुब खान यांनी त्यावर सह्या केल्या. प्रस्तावनेत दोघांचा उल्लेख आपापल्या सरकारांनी नेमलेले मुखत्यार असा येतो. दोघांनी आपापली पूर्णाधिकारपत्रं एकमेकांना कळवली आणि ती योग्य असल्याचं आढळलं, असंही त्यात नमूद आहे. म्हणजे खुद्द पंतप्रधान आणि राष्ट्राध्यक्ष असूनही कागदोपत्री ही जुनी रीत पाळली गेली.

त्याच करारावर तिसरी सही आहे जागतिक बँकेच्या डब्ल्यू. ए. बी. इलिफ यांची. पण ती संपूर्ण करारासाठी नाही. ठरावीक कलमं आणि परिशिष्टं यांच्यापुरतीच बँक बांधील आहे, असं सहीच्या जागीच लिहिलेलं आहे. एप्रिल २०२५ मध्ये भारताने हा करार स्थगित ठेवल्याचं जाहीर केल्यापासून "जागतिक बँक हमीदार आहे ना?" हा प्रश्न वारंवार विचारला जातो. उत्तर शोधायला फार लांब जायची गरज नाही. सहीच्या वरच्या दोन ओळी वाचल्या तरी पुरे.

आणि शेवटचं कलम? करार अनुसमर्थनाच्या अधीन आहे, अनुसमर्थनाचे दस्तऐवज नवी दिल्लीत बदलले जातील तेव्हा तो अंमलात येईल, आणि मग १ एप्रिल १९६० पासून मागील प्रभावाने लागू होईल. ते दस्तऐवज जानेवारी १९६१ मध्ये बदलले गेले. म्हणजे एकाच कराराच्या तीन तारखा : सही १९६० च्या सप्टेंबरची, अंमल १९६१ च्या जानेवारीत, परिणाम १९६० च्या एप्रिलपासून. प्रबंधात यातली कोणती वापरायची? तुमचा प्रश्न काय आहे त्यावर ते ठरेल. पण तीन आहेत हे माहीत तर हवं!

अधिकार नसलेली सही : वडगाव

अधिकाराचा प्रश्न नुसता कागदी वाटत असेल तर आपल्याच इतिहासात डोकावू. १७७५ च्या मार्चमध्ये रघुनाथरावांनी मुंबईकर इंग्रजांशी सुरतेचा तह केला. पण १७७३ च्या रेग्युलेटिंग ॲक्टने मुंबईची सत्ता कलकत्त्याच्या हाताखाली आणली होती. कलकत्त्याच्या कौन्सिलने तो तह नामंजूर केला, कर्नल अप्टनला पाठवलं आणि १ मार्च १७७६ रोजी पुरंदरचा वेगळा तह झाला.

मुंबईकर तरी गप्प कुठले बसतात! रघुनाथरावांना घेऊन ते पुण्यावर चालून आले आणि जानेवारी १७७९ मध्ये वडगावला कोंडीत सापडले. तिथे तह झाला. १७७३ पासून घेतलेला मुलूख परत द्यायचं ठरलं. मुंबईकरांचा प्रतिनिधी बोलणी करताना म्हणत होता की कलकत्त्याच्या परवानगीशिवाय तह करायचा आम्हाला अधिकारच नाही. त्यावर महादजी शिंद्यांनी काय विचारलं, हे ग्रँट डफने नोंदवून ठेवलं आहे. त्याचा आशय असा : मग अप्टनचा तह मोडायचा अधिकार तुम्हाला कोणी दिला? प्रश्न बिनतोड होता. पण फौज सुटल्यावर मुंबई आणि कलकत्ता दोघांनीही तो तह झिडकारला, कारण तेच : सह्या करणाऱ्यांना अधिकार नव्हता.

आता साल्बाईचा तह बघा. १७ मे १७८२ रोजी पेशव्यांचे मुखत्यार म्हणून महादजी शिंदे आणि कंपनीतर्फे डेव्हिड अँडरसन यांनी तो ठरवला. वॉरन हेस्टिंग्जने त्याला जूनमध्ये मंजुरी दिली. पुण्यात नाना फडणवीसांकडून मंजुरी यायला १७८३ चा फेब्रुवारी उजाडला. मुखत्यार, सही, दोन्ही बाजूंची मंजुरी अशी सगळी पावलं इथे पडली, आणि हा तह पुढे जवळजवळ वीस वर्षं टिकला. टिकण्याची कारणं अर्थातच राजकीय होती. पण वडगावसारखी "सही करणाऱ्याला अधिकार नव्हता" ही पळवाट इथे कोणालाच उरली नव्हती.

अनुसमर्थनाचा उगमही यातून समजतो. राजा दूर, वकील समोरच्या दरबारात, निरोप पोचायला आठवडे लागायचे. वकिलाने दिलेल्या अधिकाराच्या पलीकडे तर कबूल केलं नाही ना, हे राजा नंतर तपासून मोहोर उमटवायचा. आज फोन आहे, विमान आहे. तरी अनुसमर्थन टिकून आहे, कारण राजाच्या जागी आता मंत्रिमंडळ, संसद आणि संविधान आले आहेत.

अधिकार नसताना सही झाली तर आजही नियम असा आहे की राज्याने नंतर पुष्टी दिली नाही तर त्या सहीला कायदेशीर परिणाम नाही (कलम ८). याचं एक गमतीदार उदाहरण अभ्यासक देतात. १९५१ मध्ये इटलीतल्या स्ट्रेसा इथे चीजच्या नावांबद्दल एक करार झाला. त्यावर एकाच प्रतिनिधीने नॉर्वे आणि स्वीडन अशा दोन्ही देशांतर्फे सही केली. अधिकार होता फक्त नॉर्वेचा! पुढे दोन्ही देशांनी अनुसमर्थन केलं, म्हणून निभावलं.

टेबलावर नेमकं काय होतं?

सहीच्याही आधी एक पायरी असते, आद्याक्षरांची. वाटाघाटी करणारे अधिकारी प्रत्येक पानावर आद्याक्षरं करतात. अर्थ एवढाच की हाच मजकूर ठरला, आता यात शब्द बदलायचा नाही. बातमीत "कराराला अंतिम रूप" असं येतं तेव्हा बऱ्याचदा हेच झालेलं असतं.

द्विपक्षीय करारात प्रत्येक बाजूची एक प्रत असते. भारताच्या प्रतीत भारताचं नाव आधी, समोरच्या देशाच्या प्रतीत त्यांचं आधी. सह्यांची जागाही तशीच बदलते. म्हणून तर दोघे एकेका फोल्डरवर सही करून मग ती फोल्डर अदलाबदल करतात. कोण मोठा, कोण आधी, यावरून पूर्वी युरोपातल्या दरबारांत वाद व्हायचे, त्यावर काढलेला हा तोडगा आहे. भारताचे करार बहुधा हिंदी, इंग्रजी आणि समोरच्या देशाची भाषा अशा भाषांत असतात. अर्थात फरक पडला तर कोणती प्रत ग्राह्य, तेही शेवटीच लिहिलेलं असतं. बहुतेक वेळा इंग्रजी.

बहुपक्षीय करारात अशी अदलाबदल शक्य नाही. तिथे मूळ प्रत एकच, ती ठरलेल्या सांभाळणाऱ्याकडे राहते. साडेपाचशेहून जास्त करारांसाठी हे काम संयुक्त राष्ट्रांचे महासचिव करतात. सही करायला येणाऱ्याचं पूर्णाधिकारपत्र त्यांचं कार्यालय आधी तपासतं.

४१ वर्षांची सही

आता माझ्या लाल गोलाकडे येतो.

१६ मे १९७४ रोजी नवी दिल्लीत इंदिरा गांधी आणि शेख मुजीबुर रहमान यांनी भू-सीमा करारावर सह्या केल्या. दोघेही सरकारप्रमुख. अधिकाराचा प्रश्नच नाही. पण कलम ५ म्हणतं, हा करार दोन्ही सरकारांच्या अनुसमर्थनाच्या अधीन असेल. म्हणजे दोघांनी स्वतःच लिहून ठेवलं की ही सही म्हणजे साठेखत.

बांगलादेशाने त्याच वर्षी संविधानात दुरुस्ती करून आपली बाजू पूर्ण केली. भारतात का अडलं? त्यासाठी आणखी मागे जावं लागतं. १९५८ मध्ये नेहरू आणि पाकिस्तानचे पंतप्रधान फिरोज खान नून यांच्यात बेरुबारी भागाच्या विभागणीचा करार झाला होता. त्यावर राष्ट्रपतींनी सर्वोच्च न्यायालयाचा सल्ला मागितला. न्यायालयाने १९६० मध्ये सांगितलं की भारताचा प्रदेश दुसऱ्या देशाला द्यायचा असेल तर संविधानदुरुस्ती हवी.

हा मुद्दा नीट समजून घ्या. आपल्याकडे करार करणं हे सर्वसाधारणपणे कार्यकारी मंडळाचं काम आहे. संघसूचीतल्या १४ व्या नोंदीत करारांचा विषय आहे, कलम ७३ ने तो अधिकार केंद्र सरकारकडे येतो आणि कलम २५३ नुसार करार राबवण्यासाठी संसद कायदा करू शकते. अमेरिकेत सिनेटची दोन-तृतीयांश संमती लागते, तशी अट आपल्याकडे नाही. मंत्रिमंडळाच्या मान्यतेने अनुसमर्थन होऊ शकतं. पण देशाचा कायदा बदलावा लागत असेल तर संसद मध्ये येतेच, आणि प्रदेश द्यायचा असेल तर थेट संविधानदुरुस्ती.

त्यानंतर बरंच घडलं. १९७५ मध्ये शेख मुजीब यांची हत्या झाली. काही भागाची जमिनीवरची आखणी राहून गेली होती. आसाम आणि पश्चिम बंगालमध्ये विरोध होता. ६ सप्टेंबर २०११ रोजी ढाक्यात एक पूरक करार झाला. २०१३ मध्ये संसदेत विधेयक आलं. अखेर मे २०१५ मध्ये दोन्ही सभागृहांनी ते विरोधाविना मंजूर केलं. विधेयकाचा क्रमांक ११९ वा, पण कायदा झाला १००व्या संविधानदुरुस्तीचा. टिपा लिहिताना हा क्रमांकांचा घोळही लक्षात ठेवा. ६ जून २०१५ रोजी ढाक्यात अनुसमर्थनाचे दस्तऐवज बदलले गेले आणि ३१ जुलैच्या मध्यरात्री प्रदेशांची अदलाबदल झाली : बांगलादेशाने वेढलेली भारताची १११ बेटं आणि भारताने वेढलेली बांगलादेशाची ५१.

'बेटं' म्हणजे पाण्यातली नव्हेत. चहूबाजूंनी दुसऱ्या देशाने वेढलेले जमिनीचे तुकडे. २०११ च्या संयुक्त मोजणीत तिथे ५१,५४९ माणसं होती. त्यांचा देश कुंपणापलीकडे होता आणि ज्या देशाच्या मधोमध ती राहत होती तो त्यांचा नव्हता. मतदान नाही, वीज नाही, पोलीस नाहीत. मुलाला शाळेत घालायचं किंवा बाईला बाळंतपणासाठी दवाखान्यात न्यायचं तर दुसऱ्याचा पत्ता, दुसऱ्याचं नाव लावावं लागायचं. १९७४ मध्ये जन्मलेलं मूल २०१५ मध्ये ४१ वर्षांचं झालं होतं, आणि तोपर्यंत दोन पंतप्रधानांची सही त्याच्या काहीही कामाची नव्हती.

"करार १९७४ मध्ये लागू झाला" असं लिहून मी ही ४१ वर्षं एका क्रियापदात पुसून टाकली होती.

याच्या अगदी उलट : बाकासी

सही म्हणजे नेहमीच साठेखत, असंही समजू नका. १ जून १९७५ रोजी कॅमेरूनचे राष्ट्राध्यक्ष अहिजो आणि नायजेरियाचे प्रमुख जनरल गोवॉन यांनी मारुआ इथे सागरी सीमेबद्दलच्या एका घोषणापत्रावर सह्या केल्या. दोनच महिन्यांत गोवॉन यांची सत्ता गेली. पुढे बाकासी द्वीपकल्प आणि सागरी हद्दीचा वाद आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेला तेव्हा नायजेरियाने म्हटलं, आमच्या संविधानाप्रमाणे या घोषणापत्राला सर्वोच्च लष्करी मंडळाची मंजुरी लागत होती, ती मिळालीच नाही, म्हणून ते वैध नाही.

न्यायालयाने १० ऑक्टोबर २००२ च्या निकालात हे मानलं नाही. राष्ट्रप्रमुखाला पदामुळेच राज्याला बांधायचा अधिकार असतो. त्याच्यावर काही घरगुती मर्यादा असतील आणि त्या जगजाहीर नसतील तर समोरच्या देशावर त्या लादता येत नाहीत. शेजारी देशाचं संविधान वाचत बसणं ही समोरच्याची सर्वसाधारण जबाबदारी नाही. आणि त्या घोषणापत्रात अनुसमर्थनाची अटही नव्हती. सही झाली आणि ते लगेच अंमलात आलं. बाकासी द्वीपकल्पावरचा हक्क इतर जुन्या करारांवरून कॅमेरूनला मिळाला, आणि २००८ च्या ऑगस्टमध्ये त्याचा ताबा पूर्णपणे कॅमेरूनकडे गेला.

नावावर जाऊ नका, हा धडाही इथूनच. 'घोषणापत्र' असूनही तो करार ठरला. १९९४ मध्ये कतार-बहरीन खटल्यात तर परराष्ट्रमंत्र्यांनी सही केलेलं बैठकीचं इतिवृत्तच न्यायालयाने आंतरराष्ट्रीय करार मानलं. "माझा तसा हेतू नव्हता," असं बहरीनच्या मंत्र्यांनी सांगितलं, तरी न्यायालयाने मजकुरात काय लिहिलंय तेच बघितलं.

सही आणि अनुसमर्थन यांच्या मधला काळ

मग नुसत्या सहीला काहीच अर्थ नाही का? आहे. व्हिएन्ना अधिसंधीच्या कलम १८ प्रमाणे, सही केलेल्या देशाने अनुसमर्थन होईपर्यंत कराराचा मूळ हेतूच फोल ठरेल असं काही करायचं नसतं. साठेखत केल्यावर मालकाने घर पाडू नये, तसंच.

भारताने छळविरोधी अधिसंधीवर १४ ऑक्टोबर १९९७ रोजी सही केली, अनुसमर्थन अजून केलेलं नाही. म्हणजे भारत तिथे 'सही केलेला' आहे, 'सदस्य' नाही. अमेरिकेने आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाच्या रोम संविधीवर ३१ डिसेंबर २००० रोजी, म्हणजे मुदतीच्या अगदी शेवटच्या दिवशी, सही केली. मे २००२ मध्ये नव्या सरकारने महासचिवांना पत्र पाठवलं की आमचा सदस्य व्हायचा इरादा नाही. सहीला काहीच वजन नसतं तर असं पत्र पाठवायची गरजच पडली नसती.

तुमच्या टेबलासाठी

आता मी कुठलाही करार हातात घेतला की हे करतो :

१. आधी शेवटची कलमं वाचतो. अनुसमर्थन लागतं का, अंमल कधी, किती देशांनंतर? पॅरिस करारात ५५ देश आणि जागतिक उत्सर्जनाचा ५५ टक्के वाटा अशी दुहेरी अट होती. भारताचं अनुसमर्थन २ ऑक्टोबर २०१६ चं, करार अंमलात आला ४ नोव्हेंबरला.

२. मग सहीचा भाग बघतो. 'सरकारतर्फे' आहे की 'राज्यातर्फे', पदनाम काय, सहीवर काही मर्यादा लिहिली आहे का.

३. वहीत चार रकाने करतो : सही, अनुसमर्थन, अंमल, देशांतर्गत कायदा. रिकामा राहिलेला रकाना हाच बऱ्याचदा संशोधनाचा प्रश्न असतो.

४. संयुक्त राष्ट्रांच्या करारसंग्रहाच्या तक्त्यात तारखेपुढची रोमन अक्षरं नीट बघतो. लहान 'ए' म्हणजे सही न करता नंतर थेट सामील होणं, मोठा 'ए' म्हणजे स्वीकृती, 'डी' म्हणजे आधीच्या राज्याकडून वारसाने आलेलं सदस्यत्व. अक्षर नसेल तर अनुसमर्थन. लहान-मोठ्या अक्षरात गडबड झाली की वाक्यच चुकतं.

५. भारताच्या करारांसाठी परराष्ट्र मंत्रालयाचा करारांचा संग्रह बघतो आणि मजकूर मूळ प्रतीवरूनच घेतो, बातमीवरून नाही.

आणि लिहिताना क्रियापद जपून वापरतो. सही केली, अनुसमर्थन केलं, सामील झाला, अंमलात आला, राबवला. ही पाच वेगळी क्रियापदं आहेत आणि एकाच्या जागी दुसरं चालत नाही.

माझं ते वाक्य शेवटी असं झालं : "१६ मे १९७४ रोजी सही झालेल्या भू-सीमा कराराचे अनुसमर्थन भारताने २०१५ मध्ये, १००व्या संविधानदुरुस्तीनंतर केले." मॅडमनी या वेळी गोल केला नाही. खाली फक्त लिहिलं, "आता या दोन तारखांच्या मधलं लिही."

तेच प्रकरण सध्या लिहितोय.